काशीक्षेत्र : श्रद्धेत आणि साहित्यात



आपल्यापैकी पुष्कळांच्या देव्हाऱ्यात, देवांच्या मागच्या ओळीत, तांब्याचा एक लहानसा गडू असतो. त्याचे तोंड झाळून बंद केलेले असते. घरातले कोणी तरी केव्हा तरी काशीस गेले, तेथून तो आला, आणि तेव्हापासून तो तसाच आहे. रोज त्याला गंधफूल वाहिले जाते. पण तो फुटतो एकदाच, घरातल्या कोणाचा तरी श्वास लागला म्हणजे. काशीहून आलेल्या माणसाने मावंदे घालावे ही आपली जुनी रीत. सोडमुंजीत बटू काखोटीस झोळी मारून काशीस निघतो, आणि मामा त्याला मुलगी देण्याचे आमिष दाखवून परत आणतो, हा विनोदही आपल्याच घरचा. जन्मात जे गाव पाहिले नाही, त्या गावाशी मुंजीपासून मरणापर्यंत आपले असे नाते जडलेले आहे. हे नाते कशाचे, आणि ते आज आपल्याकडून काही मागते काय, एवढाच विचार आजच्या व्याख्यानात आम्ही आपणांपुढे ठेवणार आहोत.

प्रथम श्रद्धा काय म्हणते ते पाहू. वरुणा आणि असी या दोन प्रवाहांमधली ती वाराणसी, असे नाव सांगण्याची रीत आहे. पुराणांत तिला आणखी नावे आहेत. शंकराने जिला कधी सोडले नाही ती अविमुक्त, त्याच्या आनंदाची जागा म्हणून आनंदवन, आणि महास्मशान. या शेवटच्या नावापाशी क्षणभर थांबले पाहिजे. आपल्या प्रत्येक गावात स्मशान वेशीबाहेर असते. तेथून आलेला माणूस आंघोळ केल्यावाचून घरात पाऊल टाकत नाही. काशीत मात्र मणिकर्णिकेची चिता गावाच्या मध्यावर, भर वस्तीत जळत असते. जे इतरत्र अमंगळ, ते येथे मंगल झाले. कारण श्रद्धा अशी की, येथे मरणाऱ्याच्या कानात शंकर स्वतः तारकमंत्र सांगतो आणि तो जीव पुन्हा जन्मास येत नाही. इतर तीर्थांवर आपण पुण्य जोडावयास जातो; काशीस माणसे मरावयास जात. 'काशीवास' हा शब्द याच अर्थाने आपल्या भाषेत रूढ झाला. त्या शब्दाच्या आड पुष्कळ वेळा घरात नकोशा झालेल्या विधवेची एकाकी कोठडीही होती, हेही विसरता कामा नये.

या श्रद्धेचा मोठा ग्रंथ म्हणजे स्कंदपुराणातील काशीखंड. त्याचे शंभर अध्याय आहेत आणि त्यांत काशीतील लिंगे, कुंडे आणि देवता यांची मोजदाद आहे. परंतु ती काही नुसती यादी नव्हे. त्यातली दिवोदासाची कथा घ्या. दिवोदास हा काशीचा राजा. त्याचे राज्य इतके न्यायाचे की त्याच्यासाठी देवांनाच पृथ्वी सोडावी लागली. शंकर मंदर पर्वतावर जाऊन राहिला, पण त्याला करमेना. राजाचा काही दोष हाती लागला तर परत जाता येईल, म्हणून त्याने चौसष्ट योगिनींना पाठविले. त्या काशीत आल्या आणि तेथेच राहिल्या. सूर्याला पाठविले, तोही राहिला. ब्रह्मदेव आला, त्याने राजाच्याच साहाय्याने दहा अश्वमेध केले आणि मुक्काम टाकला. दशाश्वमेध घाटाचे नाव ते हेच. राजाचा दोष मात्र कोणाला सापडला नाही. नगरीच्या ओढीने देव व्याकूळ झाला आहे, आणि न्यायाने राज्य करणाऱ्या मनुष्यापुढे त्याचे काही चालत नाही, असे सांगणारे हे माहात्म्य आहे. माहात्म्य लिहिणाऱ्यांना आपण भाबडे समजतो. पण क्षेत्राचा मोठेपणा सांगताना न्यायाचा मोठेपणा लहान करावयाचा नाही, एवढे भान त्यांना होते.

त्याच काशीखंडात व्यासाची गोष्ट आहे. भिक्षा मिळाली नाही म्हणून व्यासाने रागाने काशीला शाप दिला, आणि शंकराने त्याला नगरीबाहेर काढले. तो नदीपलीकडे जाऊन राहिला, ती व्यासकाशी. गंगा काशीपाशी उत्तरेकडे वाहते. एका तीरावर घाटांची आणि देवळांची दाटी, समोरच्या तीरावर वाळूचे पात्र. लोकांत समजूत अशी की, या तीरावर मरणारा मुक्त होतो आणि त्या तीरावर मरणारा गाढवाच्या जन्मास जातो. हे गाढव, श्रोतेहो, आपण जरा ध्यानात ठेवावे. आपल्या विषयात ते पुन्हा येणार आहे.

आता दुसरी बाजू. जागेने मुक्ती मिळते असे सांगणाऱ्या या नगरीच्या आसपासच, जागेचा, जातीचा आणि जन्माचा अभिमान उतरविणाऱ्या गोष्टी घडल्या आहेत. बृहदारण्यक उपनिषदात गार्ग्य बालाकी नावाचा विद्येची घमेंड असलेला ब्राह्मण काशीचा राजा अजातशत्रू याला ब्रह्म शिकवावयास जातो आणि अखेर त्याच राजाचा शिष्य होतो. बुद्धाने ज्ञान झाल्यावर पहिला उपदेश केला तो काशीपासून सुमारे दहा किलोमीटरवर, सारनाथला. पार्श्वनाथ तीर्थंकरांचा जन्म काशीचा, असे जैन परंपरा सांगते. शंकराचार्यांची कथा तर सर्वांस ठाऊक आहे. काशीच्या वाटेवर समोरून चांडाळ आला, आचार्यांनी त्याला दूर हो म्हटले, आणि त्याने विचारले की दूर कोणी व्हावयाचे, या देहाने की आतल्या आत्म्याने? आचार्यांनी त्याला गुरू म्हटले, असे परंपरा सांगते. रोहिदास याच गावचे. चामड्याच्या कामासाठी ठेवलेल्या त्यांच्या कठवतीतच गंगा आली, अशी कथा लोक आजही सांगतात.

आणि कबीर. तो काशीचा विणकर. जन्मभर काशीत राहिला, आणि मरण जवळ आले तेव्हा काशी सोडून मगहरला गेला. त्याच्या मृत्यूचे वर्ष १५१८ असे परंपरेने सांगितले जाते. मगहरविषयी लोकसमजूत काय होती? तेथे जो मरतो तो गाढव होतो! सगळे जग मरावयास काशीस येत असता हा काशीकर मुद्दाम गाढवाच्या गावी गेला. काशीत मेल्यानेच मुक्ती मिळावयाची, तर जन्मभर केलेल्या रामनामाचे काय मोल उरले, हा त्याचा प्रश्न होता. मगहरला आज त्याची समाधी आणि त्याची कबर जवळजवळ उभ्या आहेत.

कोणी म्हणेल, हे तर काशीचे विरोधक झाले. आम्हांस तसे वाटत नाही. कबीराला वजा करून काशी सांगता येत नाही, आणि काशीवाचून कबीराच्या मगहरला जाण्याला काही अर्थ उरत नाही. क्षेत्राची थोरवी भाविकांच्या गर्दीवर मोजतात. आमच्या मते ती, आपल्याच पोटी जन्मलेल्या प्रश्नकर्त्यांना त्या क्षेत्राने किती जागा दिली, यावरही मोजली पाहिजे.

आता आपल्या महाराष्ट्राकडे वळू. काशीचा आणि आपला संबंध यात्रेपुरता नाही. पैठणचे रामेश्वरभट्ट काशीस जाऊन स्थायिक झाले. त्यांचे पुत्र नारायणभट्ट, जन्म १५१३. प्रयाग, काशी आणि गया या तीन क्षेत्रांवरील त्यांचा 'त्रिस्थलीसेतु' हा प्रमाणग्रंथ मानला जातो. त्यांचे नातू कमलाकरभट्ट यांनी १६१२ मध्ये 'निर्णयसिंधु' लिहिला. एकादशी आज की उद्या, हा वाद आपल्याकडे त्या ग्रंथाच्या आधारे मिटत आला. आणि त्यांचेच पणतू गागाभट्ट १६७४ साली रायगडावर शिवछत्रपतींच्या राज्याभिषेकास आले. म्हणजे पैठणची विद्या काशीस गेली आणि तीन पिढ्यांनी ती रायगडावर उतरली.

नारायणभट्टांच्या त्या ग्रंथातील एक विचार फार मोलाचा आहे. परकीय सत्तेमुळे विश्वेश्वराचे लिंग जागेवर नसेल तर काय करावे? त्यांचे उत्तर असे की, त्या जागी जे लिंग असेल त्याची पूजा करावी, आणि काहीच नसेल तर त्या स्थानाला प्रदक्षिणा आणि नमस्कार करावा. हा नुसता धर्मशास्त्राचा निर्णय नव्हे, अनुभवातून आलेले शहाणपण आहे. पुढे त्यांच्याच पुढाकाराने देऊळ उभे राहिले. १६६९ मध्ये औरंगजेबाच्या आज्ञेने ते पाडले गेले. आणि १७८० मध्ये अहिल्याबाई होळकरांनी जवळच्या जागी आजचे मंदिर बांधविले. त्या एकशे अकरा वर्षांत काशीची यात्रा थांबली नाही. शेकडो कोस दूर असलेल्या एका विधवा मराठी राणीने ते देऊळ उभे करावे, ही गोष्ट आठवली म्हणजे मघाच्या 'काशीवास' शब्दाला निराळेच उत्तर मिळते.

त्याच पैठणचे दुसरे पुरुष म्हणजे एकनाथ महाराज. नारायणभट्ट काशीत संस्कृतात ग्रंथ लिहीत होते, त्याच काळात नाथांनी भागवताच्या एकादश स्कंधावर मराठीत टीका लिहिली. आरंभ पैठणास झाला, समाप्ती वाराणसीस, शके १४९५ म्हणजे १५७३ साली. परंपरा सांगते की, प्राकृतात भागवत आणले म्हणून काशीत मोठे वादळ उठले, नाथांना तेथे बोलावून घेण्यात आले, आणि अखेर त्याच काशीने त्या ग्रंथाची मिरवणूक काढली. कथेतला अद्भुताचा भाग बाजूस ठेवला तरी एक गोष्ट उरते. बायाबापड्यांना कळणाऱ्या मराठीला शास्त्राच्या माहेरघरी मान मिळावा, याचा मराठी मनाला केवढा अभिमान वाटला, ते या कथेत दिसते.

आणि आता ते गाढव. नाथ काशीची कावड घेऊन रामेश्वरास निघाले होते. वाटेत तापलेल्या वाळूत एक गाढव तहानेने तडफडत होते. बरोबरच्या यात्रेकरूंना ते दिसले आणि ते पुढे गेले. नाथांनी कावडीतले पाणी त्याच्या तोंडात घातले. रामेश्वर येथेच पावला, अशी त्यांची भावना. ही कथा आपण शाळेत भूतदयेचा धडा म्हणून वाचली. पण काशीच्या संदर्भात ती वाचून पाहा. काशीत न मरणाऱ्याला ज्या योनीची भीती घातली जाते, त्याच योनीतील प्राण्याला काशीचे पाणी मिळाले. ही कथा सांगणाऱ्यांच्या मनात हा संबंध होता की नाही, हे सांगण्याचे कारण नाही. आमच्या मनात मात्र तो आल्यावाचून राहत नाही. कबीर गाढवाच्या गावी गेला, नाथांनी गाढवाला गंगा पाजली. दोघांनीही काशीचा अर्थ काशीबाहेर नेला.

मग काशीस जावयाचेच कशाला, असा प्रश्न कोणी विचारील. त्याचे उत्तर आम्हांस एका साध्या भिक्षुकाच्या प्रवासात सापडते. वरसईचे विष्णुभट गोडसे १८५७ च्या सुमारास द्रव्य मिळविण्यासाठी उत्तरेत गेले आणि बंडाच्या वणव्यात सापडले. त्यांचा 'माझा प्रवास' १९०७ साली प्रसिद्ध झाला. ज्यांचे माहेरचे नाव मणिकर्णिका, त्या काशीत जन्मलेल्या लक्ष्मीबाईंची झाशी त्यांनी पडताना पाहिली. मिळविलेले द्रव्य लुटले गेले. अखेर गंगेची कावड खांद्यावर घेऊन ते घरी परतले आणि त्या पाण्याने त्यांनी आईवडिलांना स्नान घातले. मिळकत गेली, पाणी राहिले. काशीचे पाणी दुसऱ्यासाठी वाहून आणावयाचे असते, हे नाथांप्रमाणेच या गरीब भटजींनाही ठाऊक होते.

शेवटी आजच्या काळाकडे येऊ. २०२१ च्या डिसेंबरात विश्वनाथाच्या मंदिरापासून गंगेपर्यंतचा प्रशस्त मार्ग खुला झाला. त्यासाठी जुन्या गल्ल्या आणि शेकडो घरे गेली. कोणाला ऐसपैस दर्शनाचा आनंद झाला, कोणाला गेलेल्या गल्लीची हळहळ वाटली. दोन्ही भावना खऱ्या आहेत. पण आम्हांस अधिक टोचते ती दुसरी गोष्ट. गंगा शुद्ध करण्याच्या सरकारी योजनेचा आरंभ १९८६ साली काशीच्याच घाटावर झाला. चार दशके होत आली, नवनव्या योजना आल्या, तरी ते काम पुरे झालेले नाही. जी नदी आपल्याला शुद्ध करते अशी आपली श्रद्धा, तिच्यातच आपण गावाची घाण सोडतो आणि तिच्याच पाण्याचा गडू देव्हाऱ्यात पुजतो. गंगा मूळचीच पवित्र आहे, तिला काय होणार, असे म्हणून हात झटकणे ही श्रद्धा नव्हे. तो श्रद्धेच्या पांघरुणाखालचा आळस आहे. आणि हे काशीकरांनाच उद्देशून म्हणावयाचे कारण नाही. आपल्या गावच्या नदीलाही आपण संकल्पात गंगाच म्हणतो. तिच्या काठाने घरी जाताना आपणांपैकी कितीकांना नाकाला रुमाल लावावा लागतो, हे ज्याचे त्याने आठवावे.

श्रोतेहो, आज घरी गेल्यावर देव्हाऱ्यातला तो गडू एकदा पाहा. तो आपण आपल्या माणसांच्या शेवटच्या घोटासाठी जपून ठेवला आहे, आणि ते योग्यच आहे. नाथांची कावडही अशीच जपून आणलेली होती. तहानलेला जीव समोर येताच ती रिकामी करताना त्यांनी मुहूर्त पाहिला नाही. काशीने आपल्याला जे दिले त्यातले हे सर्वांत मोठे, असे आम्हांस वाटते.