आधी उतार ओळखा

मशीन लर्निंग शिकायला निघालेल्या आपल्या बीड जिल्ह्यातल्या मुलामुलींना एकच सांगायचे आहे: आधी आंशिक विकलन पक्के करा. बारावीत तुम्ही एका चलाचे विकलन केले, महत्तम-लघुतम मूल्ये काढली. यंत्र शिकते तेव्हा मात्र चल हजारो असतात, आणि चूक कमी व्हायची तर त्यातला प्रत्येक किती हलवायचा ते ठरवावे लागते. बालाघाटाच्या डोंगरातले उताराचे रान डोळ्यांपुढे आणा. पूर्वेकडे सरकलो तर किती चढू, उत्तरेकडे सरकलो तर किती, ही दोन आंशिक विकलने. दोन्ही मिळून ग्रेडियंट. तो सर्वांत खडा चढ दाखवतो, त्याच्या नेमके उलट सर्वांत खडा उतार. समपातळी बांध घालणाऱ्याला हे ठाऊकच असते: पाणी बांधावर काटकोनात येते, म्हणून तर बांध आडवा.

कोणी म्हणेल, विकलन तर पायटॉर्च हे सॉफ्टवेअर आपोआप करते. करते, आणि बिनचूक करते. पण पाऊल केवढे टाकायचे हे तुम्हीच ठरवता. अरुंद घळीत लांब पाऊल टाकले तर या काठावरून त्या काठावर आदळत राहाल, आणि पडद्यावर नुसते वाढते आकडे दिसतील. खिंडीत उतार शून्य होतो, पण खिंड म्हणजे तळ नव्हे. तिथे एकीकडे चढ असतो, दुसरीकडे उतार. हे ज्याला कळत नाही त्याला यंत्र का अडले तेही कळणार नाही. म्हणून पुन्हा सांगतो, आंशिक विकलन.

ही कल्पना नवी नाही. गणिती भास्कराचार्यांचे गाव विज्जडविड म्हणजे आपले बीड, असे काही अभ्यासक मानतात, काही मानत नाहीत. तो वाद राहू द्या. ११५० सालच्या ‘सिद्धांतशिरोमणी’त ग्रहाची तात्कालिक गती आहे, आणि ग्रहफल (ग्रहाच्या मध्यम स्थानाची दुरुस्ती) परम असते तिथे गतिफल (मध्यम गतीची दुरुस्ती) शून्य होते, हेही आहे. अनेक चलांत उताराच्या दिशेने पावलापावलाने जाण्याची रीत फ्रेंच गणिती कोशीने १८४७ मध्ये मांडली, तीही आकाशस्थ गोलांच्या कक्षांचे गणित सोडवताना.

लाखो चलांचे गणित हाताने कोण करणार? कोणीच नाही. दोन चलांचे करा, नियम तोच आहे. आज रात्री वही घ्या. क्ष वर्ग अधिक तीन य वर्ग हे फल, आरंभ क्ष २, य १; किंमत ७. ग्रेडियंट ४ आणि ६. त्याच्या ०.१ पटीने उलट सरका, किंमत ३.०४ होते. त्याच आरंभापासून ०.५ पटीने सरका, ती १२ होते. दोन्ही उत्तरे स्वतः काढून पाहा, मगच संगणक उघडा.