बळ आणि लढाई : माटिल्डा नावाची गोष्ट



मागच्या बैठकीत हप्ते गोळा झाल्यावर आम्ही सगळ्याजणी आपापल्या नावांचा अर्थ सांगत बसलो होतो. फुलं, नद्या आणि देवी, यातच जवळजवळ सगळी नावं आली. म्हणून आज दूरच्या मुलखातलं एक नाव घेऊन आलो आहोत. माटिल्डा. वसईकडच्या किंवा गोव्यातल्या ख्रिस्ती घरांत तुम्ही ते ऐकलं असेल, निदान हिल्डा तरी.

हे नाव जुन्या जर्मन बोलीतलं. दोन शब्द जोडून झालेलं. पहिल्याचा अर्थ बळ, दुसऱ्याचा लढाई. हिल्डामध्येही तोच लढाईचा शब्द आहे. त्या लोकांत मुलींच्या नावातसुद्धा लढाई यायची, याचं आम्हाला मोठं नवल वाटलं. पुढे नाव देशोदेशी फिरलं. जर्मनीत माथिल्डे, फ्रान्समध्ये माटिल्ड, आणि इंग्लंडमध्ये बोलताना नुसतं मॉड.

जर्मनीत दहाव्या शतकात माथिल्डे नावाची राणी होती. नवरा वारल्यावर, ९३६ साली, तिच्या इच्छेवरून क्वेडलिनबुर्ग इथे बायकांचा मठ उभा राहिला. तिची नात, तीही माथिल्डेच, अकराव्या वर्षी या मठाची प्रमुख झाली. ९९७ मध्ये या नातीचा भाचा, सम्राट ओटो, इटलीत गेला तेव्हा मागे जर्मनीचा कारभार तिनेच पाहिला.

इंग्लंडमध्ये ११०० साली हेन्री राजाने स्कॉटलंडच्या राजकन्येशी लग्न केलं. तिचं माहेरचं नाव एडिथ. सासरी ती माटिल्डा झाली. आपल्याकडे ताटात तांदूळ पसरून त्यात सुनेचं नवं नाव लिहितात, ते आठवलं ना?

तिची मुलगीही माटिल्डा, आणि खरी गोष्ट हिचीच आहे. जन्म ११०२ चा. आठ वर्षांची असताना तिला जर्मनीत पाठवलं आणि बाराव्या वर्षाच्या सुमाराला सम्राटाशी लग्न लावलं. (बालविवाह राजाघरीही चुकला नाही.) तेविसाव्या वर्षी ती विधवा झाली. तोवर इकडे तिचा एकुलता सख्खा भाऊ जहाज बुडून गेला होता. म्हणून बापाने तिला परत बोलावलं, आणि माझ्यामागे गादी हिचीच, अशी शपथ सरदारांकडून घेतली. तिचा आतेभाऊ स्टीफन यानेही ती घेतली.

११३५ मध्ये बाप गेला. माटिल्डा तेव्हा समुद्रापलीकडे, दुसऱ्या नवऱ्याच्या मुलखात होती. स्टीफन तडक लंडनला गेला आणि तीन आठवड्यांत मुकुट घालून बसला. शपथ विसरायला सरदारांना वेळ लागला नाही.

ती गप्प बसली नाही. ११३९ ला फौज घेऊन उतरली, ११४१ ला स्टीफनला कैद केलं. राज्याभिषेक होणार, एवढ्यात लंडनकरांनी तिला हुसकून लावलं. लिहिणाऱ्यांनी तिला गर्विष्ठ ठरवलं. लोक कर कमी करा म्हणत असताना तिने उलट पैसे मागितले, ही तिची चूक आम्ही झाकणार नाही. पण पुरुष राजेही तेच करत होते, त्यांचा कुणी स्वभाव काढला नाही. आणि गंमत बघा, तिच्याविरुद्ध फौज उभी करणारी स्टीफनची बायको, तिचंही नाव माटिल्डाच!

पुढच्या वर्षी ऑक्सफर्डच्या किल्ल्यात तिला वेढा पडला. डिसेंबरचे दिवस, सगळीकडे बर्फ. रात्री ती दोन-चार माणसांबरोबर बाहेर पडली. बर्फात दिसू नये म्हणून अंगावर पांढरे कपडे, आणि गोठलेली नदी पायी ओलांडली. शत्रूचे पहारेकरी जवळच होते.

मुकुट तिला कधीच मिळाला नाही. ११५३ मध्ये तडजोड झाली : स्टीफन मरेपर्यंत राजा, मग गादी माटिल्डाच्या मुलाची. तो ११५४ ला राजा झाला. ११६७ ला ती वारली, तेव्हा थडग्यावर ती कुणाची मुलगी, कुणाची बायको, कुणाची आई, हेच लिहिलं. तिघेही हेन्री! तिने स्वतः काढलेल्या सनदांवर मात्र आधी तिचं नाव, मग सम्राज्ञी, मग राजाची मुलगी, आणि शेवटी इंग्रजांची स्वामिनी, असं असायचं. दुसऱ्या नवऱ्याचं नाव त्यात नाही.

आणि तो मुलगा? लोक त्याला ‘सम्राज्ञीचा मुलगा हेन्री’ म्हणत. बापाच्या नव्हे, आईच्या ओळखीने.

आपल्या राज्यातही १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदांवर मुलाच्या नावानंतर आधी आईचं नाव येतं, मग बापाचं, मग आडनाव. ज्यांच्या घरी तान्हं बाळ आहे त्यांनी दाखला हातात पडला की तो तिथेच वाचून घ्या. आपलं नाव नीट लिहिलंय का, ते बघा.