ब्रिटनचे महागाईचे दुखणे आणि थॅचरबाईंची मात्रा



ब्रिटनच्या अर्थकारणावर बोलायला होमिओपॅथीचा डॉक्टर कसा काय, असे पत्रिका वाचून आपल्यापैकी काहींना वाटले असेल. खुलासा आधीच करतो. मी अर्थशास्त्र शिकलेलो नाही. बी.एच.एम.एस. झाल्यापासून जवळजवळ चाळीस वर्षे इंदूरच्या गिरणी भागात दवाखाना चालवतो आहे. 1991 साली आमच्या भागातली एक मोठी कापडगिरणी बंद पडली. नंतरच्या वर्षांत कुणी झोप नाही म्हणून येई, कुणी आम्लपित्तासाठी, कुणी छातीत धडधडते म्हणून. आमच्या शास्त्रात रोग्याला पहिल्यांदा विचारायचे असते, ‘हे केव्हापासून?’ उत्तर बहुधा एकच असे: ‘मिल बंद हुई, तब से.’ हे कारण माझ्या कुठल्याच ग्रंथात नव्हते. ते शोधता शोधता मी ब्रिटनपर्यंत पोहोचलो, कारण हे दुखणे तिथे आपल्या आधी दहा वर्षे येऊन गेले होते.

आधी रोग खरा होता का, ते पाहू. तो खरा होता. 1975 साली ब्रिटनमध्ये महागाई वर्षाला सुमारे 24 टक्क्यांनी वाढली. पेन्शनीवर जगणाऱ्याची बचत डोळ्यांदेखत विरघळत होती. 1976 मध्ये पौंड इतका घसरला की एके काळी साम्राज्य चालवणाऱ्या या देशाला नाणेनिधीकडे 390 कोटी डॉलर मागावे लागले. त्या वेळी सरकार मजूर पक्षाचे होते. पंतप्रधान जेम्स कॅलहन यांनी त्याच वर्षी आपल्याच पक्षाच्या अधिवेशनात बजावले की, सरकारी खर्च वाढवून मंदीतून बाहेर पडण्याचे दिवस संपले. खर्चकपात थॅचरबाईंनी सुरू केली असे आपण समजतो, पण पथ्य त्यांच्या आधीच्यांनी सांगून ठेवले होते.

रोग्याने ते पाळले नाही. पगारवाढ 5 टक्क्यांच्या आत ठेवावी असा सरकारचा आग्रह होता. 1978-79 च्या हिवाळ्यात तो मोडून संपावर संप झाले. लंडनच्या चौकात कचऱ्याचे ढीग साचले, लिव्हरपूलमध्ये प्रेते पुरणाऱ्यांनीही काम थांबवले. 28 मार्च 1979 रोजी कॅलहन सरकार 311 विरुद्ध 310 अशा एका मताने पडले. मे महिन्यात हुजूर पक्ष निवडून आला आणि मार्गारेट थॅचर पंतप्रधान झाल्या.

आमचे शास्त्र मात्रा लहान ठेवा म्हणते. थॅचरबाईंनी ती भरपूर मोठी दिली. अर्थमंत्री जेफ्री हाऊ यांनी पहिल्याच अंदाजपत्रकात प्राप्तिकराचा वरचा दर 83 वरून 60 टक्क्यांवर आणला आणि मूल्यवर्धित कर 8 वरून 15 टक्क्यांवर नेला. वर्षअखेरीस व्याजदर 17 टक्के झाला. पैसा आवळला की महागाई उतरेल, हा विचार. पण व्याजदर चढा आणि उत्तर समुद्रातले तेल हाती, त्यामुळे पौंड फार महाग झाला. कारखान्यांचा माल परदेशात खपेना, आणि कारखाने बंद पडू लागले. 1981 मध्ये मंदी असतानाही कर वाढवणारे अंदाजपत्रक आले, तेव्हा 364 अर्थतज्ज्ञांनी निषेधाचे पत्रक काढले. त्यांत आपले अमर्त्य सेनही होते.

परिणाम? 1983 पर्यंत महागाई 5 टक्क्यांच्या खाली आली. ताप उतरला, हे प्रामाणिकपणे मान्य केले पाहिजे. पण 1982 च्या जानेवारीत बेकारांचा आकडा 30 लाखांवर गेला होता, आणि महागाई उतरल्यानंतरही तो अनेक वर्षे खाली येईना.

मग आला कोळसा. मार्च 1984 मध्ये सुमारे 20 खाणी बंद करण्याची योजना जाहीर झाली आणि आर्थर स्कारगिल यांच्या नेतृत्वाखाली खाणकामगार संपावर गेले. तो वर्षभर चालला. सरकारने वीजकेंद्रांवर कोळशाचे साठे आधीच करून ठेवले होते. उलट संघटनेने देशव्यापी मतदान घेतले नाही, म्हणून नॉटिंगहॅमशायरचे बरेच कामगार कामावर जात राहिले आणि भाऊ भावाशी बोलेनासा झाला. मार्च 1985 मध्ये कामगार निशाणे घेऊन, बँड वाजवत परत खाणीवर गेले. हरलेली माणसे वाजतगाजत कामावर जातात, हे चित्र मला विसरता येत नाही.

दुसरी बाजूही सांगतो. आम्हा जैनांना लहानपणापासून अनेकांत शिकवतात. एका खिडकीतून पाहून घर सांगू नये. 1980 च्या कायद्याने सरकारी घरांत राहणाऱ्या भाडेकरूंना ती घरे सवलतीत विकत मिळू लागली आणि त्या दशकात दहा लाखांहून अधिक कुटुंबे मालक झाली. टेलिफोन आणि गॅस कंपन्यांचे शेअर साध्या माणसांनी घेतले. ही माणसे थॅचरबाईंना दुवा देत होती, आणि ती खोटी नव्हती. मात्र विकलेल्या घरांच्या जागी नवी सरकारी घरे त्या प्रमाणात उभी राहिली नाहीत. बापाला घर मिळाले, मुलगा रांगेत राहिला.

आता मूळ मुद्द्याकडे येतो, तो डॉक्टरांच्या बाकाचा आहे. ऐंशीच्या दशकात बेकार मोजायची पद्धत सरकारने अनेकदा बदलली. त्याच काळात दुसरी एक यादी फुगत गेली: आजारपणामुळे काम करू शकत नाही म्हणून भत्ता घेणाऱ्यांची. सत्तरच्या दशकाच्या अखेरीपासून नव्वदच्या दशकाच्या मध्यापर्यंत ती दुपटीहून अधिक झाली. सर्वांत दाट कुठे? जिथे खाणी आणि पोलादाचे कारखाने होते तिथे, म्हणजे दक्षिण वेल्समध्ये आणि इंग्लंडच्या उत्तरेत. पन्नाशीच्या खाणकामगाराची पाठ आणि फुप्फुसे आधीच झिजलेली असत. काम होते तोवर तो ती घेऊन खाली उतरे. काम गेले तेव्हा तो डॉक्टरकडे गेला, आणि डॉक्टरने दाखला दिला. दाखला खोटा नव्हता, पण पुराही नव्हता. बेकार माणूस एका वहीतून दुसऱ्या वहीत गेला, आणि 1995 मध्ये त्या दुसऱ्या वहीचेही नियम कडक झाले.

थॅचरबाई 1990 मध्ये डोईपट्टीच्या वादात गेल्या. 1992 च्या सप्टेंबरात पौंड सावरण्यासाठी सरकारने एका दिवसात व्याजदर 10 वरून 12 आणि मग 15 टक्क्यांवर नेण्याची घोषणा केली, तरीही पौंड युरोपीय विनिमयव्यवस्थेतून बाहेर पडला. 1997 मध्ये टोनी ब्लेअर यांचा मजूर पक्ष सत्तेवर आला, पण विकलेल्या कंपन्या त्यांनी परत घेतल्या नाहीत. औषधाची चिठ्ठी विरोधकांनीही मान्य केली होती.

1991 मध्ये परकी चलन संपल्यावर आपणही सुमारे 47 टन सोने तारण ठेवले, त्यातले काही त्याच बँक ऑफ इंग्लंडकडे. नंतरच्या सुधारणांनी आपल्यापैकी अनेकांची मुले मोठी झाली, माझीही झाली. आमच्या गिरणीच्या दुखण्याला इतर कारणेही होती. सारा दोष मी त्या सुधारणांवर घालत नाही. पण त्या कामगारांची देणी चुकती व्हायला तीस वर्षांहून अधिक काळ लागला, आणि कितीएक माझे रोगी तोवर वारले.

श्रोतेहो, कडू औषध कधी कधी द्यावेच लागते. माझे म्हणणे इतकेच की, महागाईचा आकडा दर महिन्याला छापून येतो, तसा ते औषध कुणाच्या अंगावर उठले याचाही हिशेब त्याच पानावर लिहिला गेला पाहिजे. माझ्या त्या काळच्या केसपेपरांत ‘आम्लपित्त’, ‘निद्रानाश’ असे निदान आहे. ‘केव्हापासून’ या रकान्यात मी तेव्हा नुसते ‘दोन वर्षे’, ‘तीन वर्षे’ असे लिहिले. त्यांनी सांगितलेले वाक्य लिहिले नाही. ती चूक आज या व्यासपीठावरून दुरुस्त करतो.