सशाचे दात : वाढ, झीज आणि आहार



तंजावरच्या सरस्वती महाल ग्रंथालयात अश्वशास्त्र आणि गजशास्त्र या दोन्ही विषयांवरील जुनी हस्तलिखिते जतन केलेली आहेत. घोडा व हत्ती ही राजांची वाहने. युद्धात, मिरवणुकीत आणि देवळांच्या उत्सवांत त्यांना मानाचे स्थान होते. म्हणून त्यांच्या देहाचा व रोगांचा विचार शास्त्रकारांनी बारकाईने केला. दातांचा रंग व झीज पाहून घोड्याचे वय सांगण्याची विद्या तर या देशात फार प्राचीन आहे. सशाच्या वाट्याला मात्र असे शास्त्र आले नाही. तो शिकारीचा प्राणी, पंचतंत्रातला चतुर प्राणी, चंद्रावरचा डाग. आज हाच प्राणी शहरांतील घरांत पिंजऱ्यात राहू लागला आहे, आणि त्याला ज्या दुखण्यांसाठी पशुवैद्याकडे न्यावे लागते, त्यांत दातांची दुखणी अग्रभागी आहेत.

घोडा, हत्ती आणि ससा या तिघांचाही निर्वाह वनस्पतींवर होतो. गवताच्या पात्यात सिलिकेचे सूक्ष्म कण असतात, त्यात धुळीची भर पडते, आणि असे अन्न जन्मभर दळणाऱ्या दाढा झिजल्यावाचून राहत नाहीत. या झिजेवर निसर्गाने तीन निरनिराळे उपाय योजिलेले दिसतात. घोड्याचा दात जबड्यात खोलवर लांब असतो व वर्षाला दोन ते तीन मिलिमीटर या गतीने वर सरकतो. म्हातारपणी हा साठा संपतो. हत्तीच्या जबड्याच्या प्रत्येक बाजूस आयुष्यात सहा दाढा एकामागून एक येतात. झिजलेली दाढ पुढे सरकून गळते व मागची तिची जागा घेते. ससा या दोघांहून वेगळा. त्याचे सर्व दात मरेपर्यंत वाढतच राहतात. वरच्या पटाशीच्या दाताची वाढ आठवड्याला सुमारे दोन मिलिमीटर, म्हणजे वर्षाला दहा सेंटिमीटरच्या आसपास होते. खालच्या दाताची किंचित अधिक. म्हणूनच घोड्याप्रमाणे सशाचे वय त्याच्या दातांवरून सांगता येत नाही. त्याच्या तोंडातला दात नेहमी नवाच असतो.

सशाला एकूण अठ्ठावीस दात असतात. पुढे वर चार व खाली दोन पटाशीचे दात. वरच्या चारांपैकी दोन मोठ्या दातांच्या मागे लपलेले, खुंटीसारखे बारीक असतात. उंदीर-घुशींच्या गणापासून सशाचा गण वेगळा ओळखावयाची हीच खूण होय. सुळे त्याला नसतात. पटाशीच्या दातांमागे मोकळी जागा, आणि तिच्यामागे वर बारा व खाली दहा दाढा. पटाशीच्या दाताच्या पुढच्या अंगास दंतवल्क जाड असते. मागचे अंग मऊ असल्याने लवकर झिजते आणि दाताला पटाशीसारखी धार राहते. हे दात गवत कापतात; दळण्याचे काम दाढांचे. लांब गवत खाताना सशाचा खालचा जबडा आडवा फिरतो, आणि जात्याच्या दोन तळ्या एकमेकींवर घासाव्यात तशा वरच्या व खालच्या दाढा एकमेकींवर घासल्या जातात. दाणे किंवा मऊ अन्न खाताना जबड्याची ही आडवी हालचाल फारच थोडी होते.

सारी व्यवस्था वाढ आणि झीज यांच्या समतोलावर उभी आहे. झीज कमी झाली म्हणून वाढ थांबत नाही. मग जे रक्षणासाठी होते तेच घाताचे कारण होते. सशाचा खालचा जबडा वरच्यापेक्षा अरुंद असतो. त्यामुळे वरच्या दाढांची न झिजलेली टोके गालाकडे व खालच्यांची जिभेकडे वाढतात. ती सुईसारखी अणकुचीदार होऊन मांसात रुततात. दात वर वाढावयास जागा न मिळाली, तर मुळाकडून जबड्याच्या हाडात घुसतो. वरच्या दातांची मुळे अश्रुनलिकेवर दाब देतात आणि डोळ्यांतून सतत पाणी वाहू लागते. मुळाशी गळू झाले, तर त्यातील पू इतका घट्ट असतो की तो आपोआप वाहून जात नाही.

काही सशांत दोष जन्मतःच असतो. वरचा जबडा आखूड राहिल्याने पटाशीचे दात एकमेकांवर नीट बसत नाहीत. खालचे दात ओठांबाहेर येतात आणि वरचे आत वळून वर्तुळाकार होतात. हा दोष आनुवंशिक असून अप्रभावी जनुकामुळे संततीत उतरतो. दोन-अडीच महिन्यांच्या पिलात तो बहुधा दिसू लागतो. बुटक्या, आखूड तोंडाच्या जाती माणसाने सौंदर्यासाठी निर्माण केल्या. त्यांत या दोषाचे प्रमाण अधिक आढळते. असा ससा पैदाशीसाठी वापरू नये, आणि पिलू घेताना त्याचा ओठ उचलून दात पाहावेत.

परंतु पुष्कळ सशांत दोष जन्माचा नसून आहाराचा असतो. ब्रिटिश पशुवैद्य फ्रान्सेस हार्कोर्ट-ब्राउन यांनी १९९६ साली कॅल्शियमच्या उणिवेकडेही लक्ष वेधले. धान्यमिश्रित खाद्यातून ससा आवडीचे दाणे तेवढे वेचतो, त्याला ऊन मिळत नाही, जबड्याचे हाड दुबळे होते आणि दात जागेवरून हलतात, असा त्यांचा विचार होता. कारणांचा क्रम काहीही मानला, तरी उपाय एकाच दिशेने जातो.

हा रोग ओळखणे कठीण आहे, कारण ससा भक्ष्य होणारा प्राणी आहे. दुबळेपणा दाखवणारा ससा रानात वाचत नाही. म्हणून वेदना लपवण्याची सवय त्याच्या रक्तातच आहे. तो ओरडत नाही. अन्नाजवळ येतो, तोंडात घेतो आणि टाकून देतो. हनुवटी लाळेने ओली राहते, लेंड्या लहान व कमी होतात, अंग चाटून साफ करणे थांबते, वजन हळूहळू उतरते. घरचे लोक म्हणतात, “याला आता गवत आवडत नाही, बिस्किट मात्र खातो.” वास्तविक त्याची आवड बदललेली नसते, त्याला चावता येत नसते. याच गैरसमजात ससे दगावतात. सशाचे आतडे सतत चालू राहावे लागते. बारा तासांहून अधिक काळ त्याने काही खाल्ले नाही व लेंड्याही टाकल्या नाहीत, तर ती तातडीची वेळ समजून त्याच दिवशी पशुवैद्याकडे नेले पाहिजे.

उपचारांत एक चूक वारंवार घडते. वाढलेले पटाशीचे दात नेलकटरने कापले जातात. त्याने दात उभा चिरतो, मुळाला धक्का बसतो आणि तडीतून जंतू आत शिरतात. हे काम पशुवैद्याने फिरत्या चाकाच्या उपकरणाने करावयाचे असते, आणि दोष कायमचा असल्यास ते दर काही आठवड्यांनी करावे लागते. त्यापेक्षा सर्व पटाशीचे दात काढून टाकणे पुष्कळदा हितकर ठरते. त्यानंतर ससा ओठांनी अन्न उचलतो व कापून दिलेला पाला सुखाने खातो. दाढांची टोके भूल देऊन घासावी लागतात, आणि मुळांची स्थिती क्ष-किरण चित्रावाचून कळत नाही. लाकूड कुरतडावयास दिले म्हणजे दाढा झिजतील, ही समजूतही फोल आहे. कुरतडण्याचे काम पटाशीचे दात करतात, दाढा नव्हेत.

आता तंजावरकडे पाहावे. कावेरीच्या या सुपीक प्रदेशात बांधाबांधावर हरळी उगवते; तमिळमध्ये तिला अरुगम्पुल म्हणतात आणि पिळ्ळैयारला तीच वाहतात. सशासाठी हे उत्तम गवत आहे. पानमळ्यांत वेलीच्या आधारासाठी लावलेल्या हादग्याचा, म्हणजे अगत्तीचा, पाला कॅल्शियमने समृद्ध असतो. तो थोडा द्यावा, कारण जास्त कॅल्शियमने लघवीत गाळ साचतो. भाताचा पेंढा येथे विपुल आहे व त्यात सिलिकाही भरपूर असते, पण पोषण अल्प. केवळ त्यावर ससा राखता येत नाही. चांगले वाळवलेले, बुरशी नसलेले गवत दिवसरात्र त्याच्यापुढे असावे, सोबत धुतलेला हिरवा पाला. दाणेदार खाद्य मूठभरच. गवताने वेढलेल्या या शहरात घरातला ससा शिजवलेला भात, इडली, बिस्किट आणि गाजर यांवर वाढत असेल, तर ते त्याचे लाड नव्हेत.

दुसरे सरफोजीराजे (कारकीर्द १७९८ ते १८३२) यांनी येथे धन्वंतरी महाल चालवला आणि नेत्ररोग्यांच्या नोंदी डोळ्यांच्या रंगीत चित्रांसह ठेवविल्या. त्यांनीच ओरत्तनाडू येथे मुक्तांबाळच्या स्मरणार्थ छत्र उभारले. त्याच गावी २०१२ साली तमिळनाडू पशुवैद्यक व पशुविज्ञान विद्यापीठाचे महाविद्यालय सुरू झाले. रोग्याची नोंद ठेवण्याची ती शिस्त घरातल्या सशालाही उपयोगी आहे. स्वयंपाकघरातल्या तराजूवर दर आठवड्यास त्याचे वजन करावे आणि वहीत तारखेसह लिहावे. जो प्राणी आपले दुखणे सांगत नाही, त्याचे दुखणे पुष्कळदा प्रथम त्या आकड्यांतच दिसते, आणि ते तेथे दिसले तर वेळ गेलेली नसते.