पाणी शोधताना लागलेला वायू



ब्रिस्बेनचा सखल किनारा मागे टाकून वॉरेगो महामार्गाने पश्चिमेकडे निघालेला प्रवासी टूवूम्बाचा घाट चढून गेला, म्हणजे प्रथम त्याला डार्लिंग डाउन्सचे काळेभोर रान लागते. ज्वारी आणि कपाशी पिकविणारी ती भूमी पाहून वऱ्हाडातील माणसाला क्षणभर आपण स्वदेशीच आहोत असा भास व्हावा. पुढे डॉल्बी, चिंचिला, माइल्स ही गावे एकामागून एक मागे पडतात, वस्ती विरळ होत जाते, मातीला तांबूस छटा येते, आणि ब्रिस्बेनपासून सुमारे पावणेपाचशे किलोमीटरांवर रोमा हे गाव येते. गुरांच्या विक्रीसाठी हे गाव साऱ्या ऑस्ट्रेलियात विख्यात आहे. १८७३ साली हजारभर गुरे चोरून दक्षिणेस हाकीत नेणाऱ्या हॅरी रेडफर्डचा खटला येथेच चालला, आणि पुरावा समोर असताना पंचांनी त्याला निर्दोष सोडून दिले, ही कथा गावकरी आजही काहीशा अभिमानाने सांगतात. गावातील एका रस्त्याच्या दुतर्फा बाटलीसारख्या फुगीर बुंध्यांची झाडे उभी आहेत. पहिल्या महायुद्धात कामी आलेल्या प्रत्येक गावकऱ्यामागे एक, या हिशेबाने ती लावलेली आहेत.

परंतु आज मला आपणांस न्यावयाचे आहे ते गावाच्या पूर्व वेशीवर, बंगिल नावाच्या ओढ्याकाठी उभ्या असलेल्या एका उंच लोखंडी मनोऱ्यापाशी. ‘द बिग रिग’ या नावाने ओळखले जाणारे हे स्थळ म्हणजे ऑस्ट्रेलियातील तेल आणि नैसर्गिक वायू यांच्या शोधाचे स्मारक होय. एखाद्या उद्योगाचे स्मारक म्हटले की त्याच्या भरभराटीच्या स्थानी ते उभारलेले असावे, अशी आपली स्वाभाविक अपेक्षा असते. येथे मात्र जवळजवळ साठ वर्षांच्या अपयशाचा इतिहास जतन केलेला आहे, आणि माझ्या मते हेच या स्थळाचे खरे वैशिष्ट्य आहे.

या इतिहासाचा आरंभ तेलाने झाला नाही, पाण्याने झाला. ऑस्ट्रेलिया खंडाच्या पाचव्या हिश्शाहून अधिक प्रदेशाखाली, सतरा लक्ष चौरस किलोमीटरांहून विस्तीर्ण असे एक भूमिगत जलाशयाचे खोरे पसरलेले आहे. पूर्वेकडील डोंगररांगांवर पडलेले पावसाचे पाणी सच्छिद्र वालुकाश्मात शिरते, आणि वर-खाली अभेद्य थरांनी कोंडले गेल्यामुळे मंद गतीने पश्चिमेकडे सरकत राहते. वरच्या थराला छिद्र पाडले, की ते आपल्याच दाबाने उसळून वर येते. १८८० च्या दशकात हे गुपित क्वीन्सलंडच्या मेंढपाळांना आणि गुराख्यांना कळले, तेव्हा अवर्षणाने गांजलेल्या त्या मुलखात विंधणविहिरींची अहमहमिका लागली. आपल्या दख्खनच्या कातळात पाणी सापडते ते भेगाभेगांतून, म्हणून आपल्याकडे पाणाड्याला एवढा मान. तेथे खालचा थर सलग असल्यामुळे खणणाऱ्यापुढे प्रश्न असे तो इतकाच, की आणखी किती खोल जावयाचे आणि तोवर पैसा पुरेल काय.

रोमा गावानेही आपल्या पाणीपुरवठ्यासाठी हॉस्पिटल हिल नावाच्या टेकडीवर अशीच विहीर विंधावयास घेतली. १९०० साली ती हजार मीटरांहून अधिक खोल गेली असता नळीतून पाण्याऐवजी वायू उसळू लागला. ऑस्ट्रेलियातील नैसर्गिक वायूचा हा पहिला मोठा शोध होय, असे आज म्हटले जाते. परंतु त्या वेळी गावकऱ्यांना तो शोध न वाटता विघ्नच वाटले असल्यास नवल नाही. ज्याला घागर भरून हवी होती त्याच्या पदरी वारा पडला! पुढली पाच-सहा वर्षे तो वायू तसाच आकाशात विरून जात होता. अखेर १९०६ साली त्याच्यावर गावचे दिवे लावण्याची योजना सिद्ध झाली, नळ टाकले गेले, दिवे प्रज्वलितही झाले. आणि जेमतेम दहा दिवसांत वायूचा ओघ आटला व गाव पूर्वीसारखे अंधारात बसले. आपल्या मुंबईत १८६५ पासून रस्त्यांवर ग्यासचे दिवे जळत होते, पण तो ग्यास कारखान्यात कोळसा भाजून काढलेला असे, आणि म्हणून भरवशाचा असे. भूगर्भाने आपण होऊन दिलेल्या वस्तूचा भरवसा धरता येत नाही, हे रोमावासीयांना फार लवकर उमगले.

तरीही त्यांनी नाद सोडला नाही. १९०८ मध्ये एका खासगी कंपनीने नवी विहीर खणली. तिला वायू लागला, आणि तो हाती येण्यापूर्वीच पेटला. सुमारे दीड महिना ती ज्वाला अहोरात्र धगधगत राहिली. ज्या गावाला दोन वर्षांपूर्वी रस्त्यावरचे दिवे तेवत ठेवता आले नव्हते, त्याच गावाच्या आभाळात आता रात्री काळोख म्हणून होत नव्हता, हा दैवाचा उपरोध ज्याला जाणवत नाही त्याने हे स्मारक पाहावयास जाऊ नये. विहिरीच्या तोंडावर झडपांची भक्कम जोडणी बसवून उसळी आवरण्याची युक्ती १९२० नंतर प्रचारात आली; तत्पूर्वी खणणाऱ्याच्या हाती धैर्यावाचून दुसरे साधन नव्हते.

त्या काळची यंत्रे येथे निवांतपणे न्याहाळावीत. जुन्या खोदाईची रीत सांगावयास सोपी आणि आचरावयास अतिशय कष्टप्रद होती. वाफेच्या इंजिनाने वरखाली होणारी एक अजस्र तुळई, तिच्या टोकास दोर, आणि दोरास लटकलेली, कित्येक मण वजनाची पोलादी पहार. ती उचलावयाची व सोडावयाची, पुनः उचलावयाची व सोडावयाची, आणि फुटलेल्या खडकाचा चुरा साचला, की तळाशी झडप असलेले लांब नळकांडे खाली सोडून तो उपसून काढावयाचा. दोराला हात लावून वाकबगार कामगार खाली खडक कोणत्या जातीचा लागला आहे, ते ओळखीत असे. पुढे फिरत्या पात्याची पद्धत आली. तीत पोकळ नळीवाटे विशिष्ट चिखल खाली सोडतात, तो चुरा घेऊन नळीबाहेरून वर येतो, आणि शिवाय आपल्या वजनाने खालच्या वायूला दाबून धरतो. या चिखलाविषयी आपण सामान्य माणसे काहीच ऐकत नाही. पण १९०८ सालच्या विहिरीची आग मनात ठेवून त्याच्याकडे पाहिले, म्हणजे साऱ्या तेलविद्येतील अत्यंत कल्पक वस्तू हीच, असे मला तरी वाटते.

या साठ वर्षांत तेलाच्या आशेने किती भागभांडवल गोळा झाले आणि किती मातीस मिळाले, याचा जमाखर्च भागधारकांची नातवंडेच जाणोत. १९१५ मध्ये क्वीन्सलंडच्या मजूर पक्षाच्या सरकारने पेट्रोलियमविषयी कायदा करून जमिनीखालील तेल व वायू यांची मालकी सरकारजमा केली. म्हणजे गवत शेतकऱ्याचे आणि त्या गवताखालचे जे काही असेल ते सरकारचे, अशी विभागणी झाली. त्या समयी खाली काहीच सापडत नसल्यामुळे या तरतुदीचे खरे वजन कोणाच्या ध्यानी आले नसावे. १९५३ मध्ये खंडाच्या पार पश्चिम टोकाला, रफ रेंज येथे तेल लागले, शेअरबाजार उसळला आणि शेजारच्या विहिरी कोरड्या निघताच कोसळला. अखेरीस १९६१ साली रोमाच्या आग्नेयेस मूनी येथे व्यापारी प्रमाणात तेल सापडले. १९६४ मध्ये ते नळवाटे ब्रिस्बेनला पोहोचू लागले, आणि १९६९ मध्ये रोमाचा वायू सुमारे साडेचारशे किलोमीटरांची नळवाट कापून ब्रिस्बेनच्या स्वयंपाकघरांत शिरला. देशातील अशी ती पहिली नळवाट. गावच्या दिव्यांना दहा दिवसांत दगा देणारा तो वायू आता राजधानीचे अन्न शिजवू लागला.

मुंबईकराला या कथेचे अप्रूप वाटावे, याला आणखी एक कारण आहे. १९७४ साली ‘सागर सम्राट’ या समुद्रातील खोदाईच्या मंचावरून अरबी समुद्राच्या तळाशी आपल्याला तेल लागले, आणि आज मुंबईतील अनेक घरांत नळाने वायू येतो. परंतु ती विहीर क्षितिजापलीकडे असल्यामुळे आपल्यापैकी फारच थोड्यांनी पाहिलेली आहे; शेगडीची कळ फिरविताना तिचे स्मरणही होत नाही. रोमाच्या माणसाला हे विस्मरण परवडत नाही, कारण त्याची विहीर त्याच्या कुंपणाच्या आत आहे.

आणि येथे कथेला असे वळण मिळते, की ज्याच्यासाठी मी हा विषय आज निवडला. मूळचे साठे खालावू लागले तेव्हा लक्ष वळले ते त्या प्रदेशातील कोळशाच्या थरांकडे. या कोळशाच्या सूक्ष्म रंध्रांत मिथेन वायू चिकटून बसलेला असतो आणि भोवतीच्या पाण्याचा दाब त्याला तेथेच डांबून ठेवतो. म्हणून तो हवा असेल तर आधी पाणी उपसावे लागते. दाब उतरला म्हणजे वायू सुटून वर येतो. हा वायू ग्लॅडस्टनजवळच्या कर्टिस बेटावर नेतात, उणे १६२ अंशांपर्यंत थंड करून त्याचा द्रव करतात, त्यामुळे त्याचे आकारमान सुमारे सहाशेव्या हिश्शावर येते, आणि मग तो जहाजांत भरून परदेशी रवाना होतो. कोळशाच्या थरातील वायूचा असा द्रव बनवून निर्यात करण्याचा उद्योग जगात प्रथम येथेच, २०१४ च्या अखेरीस सुरू झाला.

१९०० साली या गावाने पाण्यासाठी खणले आणि वायू निघाला. आज वायूसाठी खणतात आणि पाणी निघते, तेही थोडके नव्हे, आणि बहुधा खारे. ते शुद्ध करून शेतीस व गुरांस देण्याची व्यवस्था अनेक ठिकाणी आहे, मागे उरणाऱ्या क्षाराचे काय करावयाचे हा प्रश्न मात्र शिल्लक राहतो. ज्याच्या पणजोबाने थेंबाथेंबासाठी हजार मीटर खडक फोडला, त्या शेतकऱ्याच्या शेजारीच आता पाणी उपसून टाकले जात आहे, आणि आपल्या विहिरीची पातळी उतरली तर दाद कोणाकडे मागावी, ही त्याची चिंता आहे. १९१५ च्या कायद्याचे वजन त्याला आता कळते. कंपनीच्या माणसांना फाटकातून आत येऊ देण्यास तो सहसा नकार देऊ शकत नाही, फक्त मोबदला व अटी यांविषयी वाटाघाट करू शकतो. काहींना या मोबदल्याने दुष्काळात तारले, हेही मी ऐकले आहे आणि त्यावर अविश्वास ठेवण्याचे मला कारण दिसत नाही. काहींनी मात्र फाटकाला कुलूप लावण्याची चळवळच उभारली. या सर्वांच्या कितीतरी आधीपासून ही भूमी मंदनदंजी लोकांची होती, आणि १९०० सालच्या विहिरीसाठी त्यांची अनुमती विचारण्याचे तर कोणाच्या स्वप्नातही आले नसेल.

यंत्रांचे संग्रहालय मांडणे तुलनेने सोपे असते, कारण यंत्रे तक्रार करीत नाहीत. बॉयलर, तुळई, पहार यांना तेल लावून उभे केले, की प्रेक्षक प्रसन्न होतो. मुलांना शिडी चढावयास मिळते आणि मनोऱ्यावरून झाडांच्या शेंड्यांपलीकडे पसरलेला माळ दिसतो. याविषयी माझी तक्रार नाही. मीही त्या दर्शनाने प्रसन्न झालो. परंतु क्वीन्सलंडच्या पाणी कायद्यात आता अशी तरतूद आहे, की वायू काढणाऱ्या कंपनीमुळे एखाद्या शेतकऱ्याच्या विहिरीचे पाणी घटले, तर तिने त्याची भरपाई करण्याचा करारनामा त्याच्याशी केला पाहिजे. मग ती विहीर अधिक खोल करून द्यावी, नवी खणून द्यावी, अथवा पैसा द्यावा. अशा करारनाम्याची एक प्रत, दोन्ही पक्षांच्या संमतीने आणि नावे झाकून का होईना, या स्मारकात वाफेच्या बॉयलरशेजारी चौकटीत लावावी, असे मला फार वाटते. ती वाचावयास बॉयलर पाहण्यापेक्षा अधिक वेळ लागेल. पण कोणत्या खोलीवरचे पाणी कोणाचे, ते किती उतरले म्हणजे उतरले असे समजावयाचे, आणि मोजणारा कोण नेमावयाचा, याविषयी तीत जी कलमे असतात, ती हॉस्पिटल हिलवर पहिली पहार चालविणाऱ्या मंडळींना दाखविली असती, तर त्यांनी प्रथम विचारले असते, की वायूचे राहू द्या, पाणी लागले की नाही ते सांगा.