गाव सुटलेल्यांचे सुनील दत्त



मुलांनो, मघाशी तुमची नाटिका पाहिली आणि मला एक नट आठवले. ‘मदर इंडिया’तला बिरजू तुमच्या आजी-आजोबांना चांगला ठाऊक असेल. 1957 सालचा सिनेमा. बिरजू साकारणारे ते सुनील दत्त स्वतः निर्वासित होते.

झेलम जिल्ह्यातलं नक्का खुर्द हे त्यांचं गाव. फाळणी झाली तेव्हा ते अठरा वर्षांचे होते. कापाकापी सुरू असताना वडिलांच्या एका मुस्लिम मित्राने अख्ख्या कुटुंबाला वाचवलं. पुढे दत्त मुंबईत आले, बेस्टच्या बससेवेत कारकुनी करत जयहिंद कॉलेजात शिकले. हे कॉलेजही कराचीहून आलेल्या सिंधी प्राध्यापकांनी 1948 साली काढलेलं. घरदार गेलेली माणसं, आणि त्यांनी कॉलेज काढलं! मला याचं फार अप्रूप वाटतं.

1984 साली दत्त खासदार झाले, एकूण पाच वेळा निवडून आले. मतदारसंघात झोपडपट्ट्या पुष्कळ, पोटासाठी कुठून कुठून आलेली माणसं. झोपड्यांवर हातोडा पडायची वेळ आली की दत्त त्या माणसांच्या बाजूने उभे राहत. 1987 साली पंजाब धुमसत होता, तेव्हा मुलगी प्रियाला घेऊन ते मुंबईहून अमृतसरला पायी गेले. सुमारे दोन हजार किलोमीटर! एकदा जीव वाचलेल्या माणसाने आयुष्यभर ते देणं फेडलं, असं मी मानतो.

गाव सुटणं आपल्या नांदेड-लातूरला नवं नाही. निजामाच्या अखेरच्या दिवसांत रझाकारांच्या, म्हणजे निजामाच्या बाजूच्या सशस्त्र टोळ्यांच्या, भीतीने किती घरं उमरखेडकडे, बार्शीकडे निघून गेली. भारतीय सैन्याच्या पोलीस ॲक्शननंतर कित्येक मुस्लिम घरांवरही तीच पाळी आली. मी दोन्ही मुद्दाम सांगतो, कारण दोन्हीकडची माणसं आपलीच.

आणि आजचं काय? दिवाळी झाली की कंधार, मुखेड, जळकोटकडच्या वाड्या-तांड्यांतून ऊसतोडीच्या टोळ्या निघतात. मुकादमाकडून घेतलेली आगाऊ उचल फेडायची असते, म्हणून नवरा-बायको मिळून एक कोयता, सोबत लेकरं. कारखान्यालगत पाचटाची झोपडी, म्हणजे कोपी. आई पहाटेच्या अंधारात फडात जाते आणि चौथीतली मुलगी तान्ह्या भावाला सांभाळत कोपीपाशी बसते. तुमच्या वर्गातल्या काही मुली आज या नाटिकेत नाहीत, त्या तिथे आहेत.

त्या मुलांच्या हाती शिक्षण हमी कार्ड द्यायची सोय सरकारने केली आहे. ते दाखवलं की कारखान्याजवळच्या शाळेने त्यांना वर्गात बसवायचं असतं. गुरुजनहो, पुढच्या हंगामात टोळी गाव सोडण्याआधी एकेका मुलाच्या हाती ते पडलंच पाहिजे. गावकऱ्यांनो, मागे राहणाऱ्या लेकरांसाठी हंगामी वसतिगृह चालवायला पुढे या.

आणि मुलांनो, पट्टा पडला, म्हणजे कारखान्याचा हंगाम संपला, की ती मुलं परत येतील. तेव्हा त्यांना तुमच्या बाकावर बसवा, राहिलेल्या धड्यांच्या वह्या द्या. पुढच्या नाटिकेत त्यांच्यासाठी दोन भूमिका आत्तापासून राखून ठेवा, तालीम ते निघायच्या आत बसवा. त्या नाटिकेला बोलावलंत तर मी नक्की येईन.