शब्दकोड्यातून आकाशाची ओळख

(विहाराच्या वर्धापनदिनी केलेल्या भाषणाचा मजकूर)



समितीने आम्हाला ‘आकाश आणि शब्दकोडी’ या विषयावर दोन शब्द बोलायला सांगितले. काहींच्या मनात येईल, वर्धापनदिनाला हा कसला विषय? तर बांधवांनो, आम्ही काही प्राध्यापक नाही. साखर कारखान्याच्या मिल हाऊसला तीन पाळ्यांत राबणारी आम्ही माणसे. शाळा अर्ध्यावर सुटली, पण वाचायची गोडी सुटली नाही. ती लागली वर्तमानपत्रातल्या शब्दकोड्यांनी. उभे शब्द, आडवे शब्द भरता भरता शब्दाच्या पोटात काय असते ते बघायची सवय लागली. आणि रात्रपाळीला डोक्यावर आकाश असतेच. या दोन गोष्टी जोडून दर पौर्णिमेला वंदना झाल्यावर आम्ही विहारात मुलांबरोबर अर्धा तास कोडी सोडवतो. त्याबद्दल या ठिकाणी सांगायचे आहे.

आमचे म्हणणे थोडक्यात असे. आकाशातले शब्द आपल्याकडे ज्ञान म्हणून आलेच नाहीत, ते भीती म्हणून आले. मंगळ म्हटले की लग्न मोडणार, शनी म्हटले की साडेसाती, ग्रहण म्हटले की गरोदर बाईने सुरी हातात धरायची नाही. शब्द दुसऱ्याच्या तोंडचा, अर्थ दुसऱ्याच्या पोथीतला, आणि घाबरायचे मात्र आपण! आपल्या आज्या-पणज्यांच्या काळात ग्रहण सुटताना आपल्या माणसांना गावात दान मागत फिरावे लागे. जुनी लुगडी, पसाभर दाणे पदरात पडत. काही गावांत तर राहू-केतूचे नाते आपल्याच वाडवडिलांशी जोडले जाई. म्हणजे आकाशात सावली पडायची आणि तिचा डाग आपल्या माथ्यावर यायचा. म्हणून हे शब्द एकेक अक्षर सुटे करून तपासून घेणे हे आपल्यासाठी नुसते करमणुकीचे काम नाही.

आता शब्दकोड्याविषयी. चौकटीचे पहिले कोडे 21 डिसेंबर 1913 रोजी अमेरिकेत ‘न्यूयॉर्क वर्ल्ड’ या वर्तमानपत्रात छापले गेले. ते आर्थर विन यांनी तयार केले होते. इंग्रजीत एका घरात एक सुटे अक्षर बसते. आपल्या मराठीत काना-मात्रा, वेलांटी, जोडाक्षर सगळे मिळून एक घर. ‘उल्का’ दोन घरांचा, ‘नक्षत्र’ तीन घरांचा, ‘आकाशगंगा’ पाच घरांचा. त्यामुळे पोरांचे जोडाक्षर आपोआप पक्के होते. सामान फार लागत नाही. जुन्या कॅलेंडरची पाठकोरी बाजू, पट्टी आणि पेन्सिल. नियम मात्र एकच, पण कडक. नुसते उत्तर सांगून शब्द घरात बसत नाही. त्याचा अर्थ आपल्या बोलीत सांगावा लागतो किंवा करून दाखवावा लागतो. आणि कोडे सुटले की पुढच्या पौर्णिमेसाठी एक सूचक वाक्य प्रत्येकाने स्वतः तयार करून आणायचे. आमचा अनुभव असा की, मूल कोडे सोडवताना जेवढे शिकते त्याच्या दुप्पट कोडे घालताना शिकते.

काही उदाहरणे देतो.

‘ग्रह’ हा दोन घरांचा शब्द. त्याच्या पुढे एक अक्षर लावा, ‘ग्रहण’. मागे दोन अक्षरे लावा, ‘उपग्रह’. आता गंमत बघा. ‘ग्रह’ शब्दाचा मूळ अर्थच धरणारा, पकडणारा. ग्रीक लोकांनी त्याच गोळ्यांना नाव दिले भटके, कारण बाकीचे तारे एकमेकांपासूनची जागा सोडत नाहीत आणि हे त्यांच्यामधून हिंडतात. एकाने भटका म्हटले, दुसऱ्याने धरणारा म्हटले. गोळा तोच! भीती गोळ्यात नाही, नावात आहे, हे पोराला दोन घरांच्या शब्दात कळते.

ग्रहणासाठी आम्ही एक बल्ब, एक मोसंबे आणि एक सुपारी घेतो. सुपारी मोसंब्याच्या सावलीत गेली की चंद्रग्रहण, सुपारीची सावली मोसंब्यावर पडली की सूर्यग्रहण. म्हणून चंद्रग्रहण पौर्णिमेलाच होते आणि सूर्यग्रहण अमावस्येलाच. मग दर पौर्णिमेला ग्रहण का नाही? कारण चंद्राची वाट पृथ्वीच्या वाटेला सुमारे 5 अंशांनी कललेली आहे. बहुतेक वेळा चंद्र सावलीच्या वरून किंवा खालून निघून जातो. आकाशात सूर्याची वाट आणि चंद्राची वाट जिथे एकमेकींना छेदतात ते दोन बिंदू म्हणजेच राहू आणि केतू. आपल्याकडे रस्ता फुटतो त्या जागेला फाटा म्हणतात ना, तसे हे आकाशातले दोन फाटे. तिथे ना धड आहे ना मुंडके. 7 सप्टेंबर 2025 च्या पौर्णिमेला रात्री 11 वाजल्यापासून 82 मिनिटे पूर्ण चंद्रग्रहण होते. ढगांतून जेवढा दिसला तेवढा तांबूस चंद्र पोरांनी पाहिला, चिवडा खात खात पाहिला. कुणालाही काही झाले नाही.

दुसरे कोडे खोडाखोडीचे. फळ्यावर पंचांगातले नवग्रह लिहायचे: रवी, चंद्र, मंगळ, बुध, गुरू, शुक्र, शनी, राहू, केतू. आणि मुलांना सांगायचे, जो खरोखर ग्रह नाही तो खोडा. रवी म्हणजे सूर्य, तो तारा, खोडला. चंद्र उपग्रह, खोडला. राहू-केतू फाटे, खोडले. उरले पाच. आणि ज्या ग्रहावर आपण बसलो आहोत ती पृथ्वी तर यादीत नाहीच! युरेनस 1781 साली विल्यम हर्शेल यांनी शोधला. हे गृहस्थ पेशाने वादक, दुर्बिणीचे आरसे स्वतःच्या हाताने घासून तयार करीत. नेपच्यून 1846 साली सापडला. 1930 साली सापडलेला प्लूटो आम्ही शाळेत नववा ग्रह म्हणून पाठ केला होता, तर 24 ऑगस्ट 2006 रोजी जगभरच्या खगोलशास्त्रज्ञांनी प्राग शहरात सभा घेऊन त्याला बटुग्रहात घातले. आज ग्रह आठ. पुरावा बदलला की यादी बदलायची, याला विज्ञान म्हणतात.

आता साडेसाती. हे तर तिसरीतले गणित आहे. शनीला सूर्याभोवती एक फेरी मारायला सुमारे साडेएकोणतीस वर्षे लागतात, म्हणजे धरून चाला तीस. राशी बारा. तीस भागिले बारा, एका राशीत अडीच वर्षे. आपली रास, तिच्या आधीची एक, नंतरची एक, अशा तीन राशी. अडीच त्रिक साडेसात! शनी सूर्यापासून सुमारे 143 कोटी किलोमीटरवर आहे, म्हणून त्याची फेरी लांबलचक. त्यात कुणाची नोकरी घालवायचा त्याचा हेतू नाही. नोकरी कशाने जाते ते आम्हा कामगारांना चांगले ठाऊक आहे.

आणि मंगळ. बांधवांनो, इथे जरा मन घट्ट करून बोलावे लागते. आपल्याच वस्तीत एका मुलीची सोयरीक जमत आली होती. मुलगी शिकलेली, मुलगा कमावता, दोन्हीकडे बाबासाहेबांचा फोटो. कुणीतरी गुपचूप पत्रिका दाखवली, मंगळ निघाला आणि बोलणे फिसकटले. सकाळ-संध्याकाळ ‘भवतु सब्ब मंगलं’ म्हणणारे आपण, आणि ‘मंगळ’ शब्दाला घाबरतो! मंगळ लाल का दिसतो? त्याच्या मातीत लोखंडाचा गंज आहे. गाळप हंगाम संपल्यावर बंद पडलेल्या लोखंडी सामानावर चढतो, तोच गंज. त्याचे वर्ष आपल्या 687 दिवसांचे. आपल्या देशाचे मंगळयान 24 सप्टेंबर 2014 रोजी पहिल्याच प्रयत्नात त्याच्या कक्षेत पोहोचले. यान त्याच्याभोवती फिरले त्याला मंगळ लागला नाही, आणि आपल्या लेकीला इथे घरी बसून लागतो काय?

कुणी म्हणेल, पत्रिकेत काहीतरी तथ्य असेलच. त्याचीही परीक्षा झालेली आहे. थोर खगोलशास्त्रज्ञ डॉ. जयंत नारळीकर, जे 20 मे 2025 रोजी आपल्यातून गेले, त्यांनी 2008 साली डॉ. नरेंद्र दाभोलकर व इतर सहकाऱ्यांबरोबर हा प्रयोग केला. हुशार मुलांच्या 100 आणि मतिमंद मुलांच्या 100 पत्रिका जमवल्या. 27 ज्योतिषांनी प्रत्येकी 40 पत्रिका पाहून कोणती कुणाची ते सांगितले. बरोबर उत्तरे सरासरी 46 टक्के. नाणे उडवले असते तरी निम्मी बरोबर आली असती! ग्रहणाचे आणि नक्षत्रांचे भाकीत सांगून पोट भरणे ही हीन विद्या, असे भगवंतांनी भिक्खूंना दीघ निकायातल्या ब्रह्मजाल सुत्तात सांगून ठेवले आहे. आपण ऐकले किती, हा प्रश्न ज्याने त्याने स्वतःला विचारावा.

जुने सगळेच टाकून द्या, असे मात्र आमचे म्हणणे नाही. शुक्राची चांदणी, मिरग हे आपल्या कष्टकऱ्यांचे शब्द आहेत आणि ते कोड्यात येतात. एका मुलीने घातलेले कोडे ऐका: “पेरणीच्या वेळी नाव माझे, पण तेव्हा मी दिसत नाही, थंडीत दिसतो, तेव्हा कुणी विचारत नाही.” उत्तर, मृग नक्षत्र. जूनच्या 7-8 तारखेच्या सुमारास सूर्य मृगात जातो, म्हणून ते तारे दिवसा उगवतात आणि उन्हात बुडून जातात. तेच डिसेंबर-जानेवारीत रात्री डोक्यावर येतात. अशा कोड्याला आमच्या लेखी शंभरपैकी शंभर मार्क!

काही जण विचारतात, शब्द पाठ झाले म्हणजे विज्ञान आले का? नाही आले. ‘प्रकाशवर्ष’ पाच घरांत बसवणारा मुलगा त्याला काळ समजत असेल तर काही उपयोग नाही. ते अंतर आहे, सुमारे साडेनऊ लाख कोटी किलोमीटर. ‘उल्का’ हवेत जळून जाते, जमिनीवर पोहोचते ती ‘अशनी’, हा फरक कळला तरच बुलढाणा जिल्ह्यातल्या लोणारचे पावणेदोन-दोन किलोमीटर रुंदीचे विवर कशाने झाले ते समजते. शब्द म्हणजे दार आहे, घर नव्हे. म्हणून दार उघडून पुढे चालायचे. आपल्या जिल्ह्याच्या शिवेला लागून, जुन्नर तालुक्यात नारायणगावजवळ खोडदला डॉ. गोविंद स्वरूप यांच्या पुढाकाराने उभारलेली मोठी रेडिओ दुर्बीण आहे. 45 मीटर व्यासाच्या 30 तबकड्या. 28 फेब्रुवारीच्या विज्ञान दिनाच्या सुमारास ती लोकांना पाहायला खुली असते. एक गाडी ठरवून वस्तीतली सगळी मुले तिथे नेऊ या, एवढी विनंती समितीला आहे.

हे आपल्यासारख्यांचे काम नाही, असे कुणी समजू नये. मेघनाद साहा हे ढाक्याजवळच्या खेड्यातल्या गरीब दुकानदाराचे पोर. खालच्या जातीचे म्हणून वसतिगृहात त्यांना वेगळे वागवले गेले. त्यांनीच 1920 साली असे समीकरण मांडले की त्यावरून ताऱ्यांचे तापमान काढता येऊ लागले. पुढे सरकारने पंचांग सुधारण्यासाठी नेमलेल्या समितीचे अध्यक्षही तेच झाले आणि त्या कामातून 22 मार्च 1957 पासून देशाचे राष्ट्रीय कॅलेंडर चालू झाले. ज्यांना पंचांगाला हात लावू दिला नसता त्यांनी पंचांग दुरुस्त केले! आणि कामगार बंधूंनो, पुणे जिल्ह्यातल्या वालचंदनगरच्या ज्या कारखान्यात साखर कारखान्यांची यंत्रे तयार होतात, तिथेच इस्रोच्या अग्निबाणांच्या मोटारींची कवचेही तयार होतात. ऊस पिळणारे लोखंड आणि चंद्राकडे जाणारे लोखंड घडवणारे हात एकाच जातीचे आहेत, कष्टकऱ्यांच्या.

शेवटी घरी न्यायला चार कोडी देतो.

1) पाच घरे: मेच्या मध्याच्या सुमारास भर दुपारी आपल्या जिल्ह्यात उभ्या काठीचीही ही दिसत नाही, म्हणून तिला हे नाव.
2) चार घरे: सूर्याजवळ आला की याची शेपटी वाढते, हॅलेचा 1986 साली येऊन गेला, आता 2061 साली येईल.
3) पाच घरे: प्रकाशसुद्धा यातून सुटून बाहेर येत नाही.
4) तीन घरे: 23 ऑगस्ट 2023 रोजी चंद्रावर उतरलेल्या विक्रममधून बाहेर पडलेली छोटी गाडी. हिच्या पहिल्या दोन घरांत आपल्या धम्मातला मोठा शब्द बसला आहे.

उत्तरे आम्ही छापायला दिलेली नाहीत. ती घरातल्या पोरांना विचारा. पोरांना आली नाहीत तर येत्या पौर्णिमेला त्यांना घेऊन विहारात या. आणि कुणाच्या लेकीची पत्रिका कुणी मागितली, तर त्याच्या हातात आधी हे चौथे कोडे द्या.

एवढे बोलून आम्ही आमचे दोन शब्द संपवतो. भवतु सब्ब मंगलं! जय भीम! जय भारत!